भाचीचे बूट, मावशीचे पाय

त्या सोमवारी पोस्टमनबाई गणवेशाखाली मोतिया रंगाचे, चंदेरी बकलाचे, चक्क नवरीचे बूट घालून टपाल वाटायला निघाली आणि पहिल्याच गल्लीत तिची वरात निघाली.

"काय बाई, टपाल वाटताय की मुलगा बघायला चाललात?" फाटकाला रेलून मास्तरांनी विचारलं.

"बघून आले, मास्तर. नापास केला. तुमच्यासारखाच होता, फार प्रश्न विचारायचा. इथे सही करा."

तिसऱ्या मजल्याच्या खिडकीतून एका आजींनी डोकं बाहेर काढलं. "अगं, या वयात?"

"मग कुठल्या वयात, आजी? तुमच्या?"

खरं काय ते तिने कुणालाच सांगितलं नाही. खरं सांगण्यात कसली आलीय मजा? मास्तरांना मुलगा नापास झाला, तर पुढच्या इस्त्रीवाल्याला सांगितलं, खात्याने गणवेश बदललाय, उद्यापासून टोपीला पिसं येणार. बेकरीवालीला सांगितलं, पायाच्या डॉक्टरांनी लिहून दिलेत, दिवसातून दोनदा, जेवणानंतर. दुपारपर्यंत त्या एका जोडाच्या चार बातम्या झाल्या होत्या आणि शेवटच्या गल्लीतल्या एका बाईने तर डोळे पुसत तिच्या पाठीवरून हात फिरवला. "उशिरा का होईना, सुखी राहा," म्हणाली. मावशीने तेही घेतलं. आशीर्वाद परत करू नये.

मावशीच म्हणू या, कारण घरात तिला सगळे मावशीच म्हणत. सख्खी भाची एकच, पण त्या भाचीच्या मैत्रिणी, शेजारची पोरं, पाणीवाला, सगळ्यांची ती मावशी. वय सेहेचाळीस. वीस वर्षं पत्रं वाटतेय. कुठला कुत्रा भुंकतो आणि कुठला नुसता भुंकायचं नाटक करतो, हे तिला तोंडपाठ. गंभीर चेहरा करून थापा मारण्यात तिचा हात धरणारं कुणी नव्हतं आणि तीच तिची अडचण होती. खरं बोलली तरी लोक हसायचे.

तर बूट भाचीचे होते. भाचीचं नाव घरात खारू. लहानपणी झाडावर खारीसारखी सरसर चढायची म्हणून खारू. आता ती सत्तावीस वर्षांची, चष्म्याच्या दुकानात डोळे तपासते. दिवसभर उभी राहून लोकांना "खालची ओळ वाचा बघू" म्हणते. तीन आठवड्यांनी तिचं लग्न होतं आणि ते होतं उघड्यावर. गावाबाहेर टेकडीच्या उतारावर फळबाग आहे, तिथे. वर कपडे बदलायची खोली, खाली झाडांमध्ये खुर्च्या मांडलेल्या. मधला उतार नवरीने चालत उतरायचा, शेदोनशे माणसांसमोर. थोडी खडी, मग गवत, मग पुन्हा ओबडधोबड माती. टाचेचे बूट घातले तर खिळा ठोकल्यासारखे जमिनीत रुतणार.

आणि खारूचा डावा पाय.

त्या पायाबद्दल घरात कुणी बोलत नसे. खारू नऊ वर्षांची असताना मावशीने तिला पैज लावली होती. "त्या वरच्या फांदीला हात लावून दाखव, तर मी एक दिवस तुला ताई म्हणेन." खारूने हात लावला. फांदी मोडली. घोटा दोन ठिकाणी मोडला, तीन महिने प्लास्टर. पाय बरा झाला, पण पूर्वीसारखा झाला नाही. लक्ष देऊन बघितलं तर अजून कळतं, डावं पाऊल जरा जपून पडतं. मावशी लक्ष देऊन बघायची. आणि पैजेची गोष्ट? ती मावशीने आपल्या ताईला, म्हणजे खारूच्या आईला, दोन दिवस सांगितलीच नव्हती. "घसरली," एवढंच म्हणाली होती. शेवटी प्लास्टरमधल्या पोरीच्याच तोंडून बाहेर पडली.

ताई तेव्हा काही बोलली नाही. ताई बोलली असती तर बरं झालं असतं.

म्हणून जेव्हा खारू म्हणाली, "बूट मावशी आणेल, आमचं माप एकच आहे," तेव्हा मावशी हवेत तरंगायला लागली. ताईने चहाचा कप ठेवला आणि म्हणाली, "बघ हं. एवढं एकच काम देतेय तुला. यात तुझा फाजीलपणा नको."

"ताई, मी पायावर पोट असलेली बाई आहे. बुटांतलं मला शिकवू नकोस."

पोरीला त्या दिवशी एवढंही दुखता कामा नये, हे मावशीने मनाशी पक्कं केलं. अठरा वर्षांपूर्वीचं काही परत करता येत नव्हतं, पण एक दिवस तर नीट करता येईल? दुकानात जाऊन तिने अकरा जोड पायात घालून बघितले. सेल्समन टेकीला आला. शेवटी हे मोतिया मिळाले. चपटे, मऊ चामड्याचे, घोट्याला छान धरून ठेवणारे. घोटा धरणं महत्त्वाचं, घोटाच तर मोडला होता.

पण नवा बूट म्हणजे नवा साहेब. पहिले काही दिवस चावणारच. तो आधी कुणीतरी चालवून घ्यायला हवा. आणि माप एकच, म्हणजे हे काम कोण करणार? रोज बारा किलोमीटर चालते तीच ना! पोस्टमनबाईंची ही जुनी पद्धत होती. पहिले काही दिवस जाड मोजे घालून, मग मोजे पातळ, मग नुसता पाय. चिखल दिसला की बूट काढून हातात. आठव्या दिवशी बूट मऊ पडले, पंधराव्या दिवशी पायात आहेत हेच विसरायला झालं. लग्नाच्या आधीच्या गुरुवारी तिने त्यांना पांढरं पॉलिश मारलं, बक्कल चमकवलं, डब्यात घातले आणि ताईच्या घरी गेली. एखाद्या वैज्ञानिकाने शोध लावून आणावा तशी.

खारू नुकतीच कामावरून आली होती. तिने बूट घातले, पट्टा लावला आणि बैठकीच्या खोलीत खिडकीपासून दारापर्यंत चालून दाखवलं. परत आली. पुन्हा गेली.

"कसे आहेत?" मावशी.

"छान आहेत गं. एकदम मऊ."

असं म्हणून तिने खालचा ओठ दातांखाली धरला.

मावशीने तो ओठ बघितला. ती पोरगी दोन वेळाच ओठ चावायची. एक, पत्ते पिसताना हातचलाखी करत असली की. दोन, दुखत असलं आणि सांगायचं नसलं की. आणि आत्ता पत्ते तर नव्हते.

तेवढ्यात ताई स्वयंपाकघरातून हात पुसत आली, बुटांकडे बघितलं, आणि जे अठरा वर्षांत कधी केलं नव्हतं ते केलं. बहिणीच्या खांद्यावर हात ठेवला. "शहाणी झालीस गं. एक काम धड केलंस."

ताईने थोबाडीत मारली असती तर मावशी म्हणाली असती, ताई, बूट चावतायत. पण हात खांद्यावर. मावशी हसली, चहा प्यायली, पॉलिशचा एक हात राहिलाय म्हणून बूट परत पिशवीत घातले, दोन विनोदही केले. कुठले ते घरी जाईपर्यंत तिला आठवेनात.

शुक्रवारी सकाळी, टपाल घेण्याआधी, तिने गल्लीच्या तोंडाशी बसणाऱ्या चांभारकाकांसमोर बूट ठेवले. काका सत्तरीचे, चष्मा दोऱ्याने बांधलेला, बोलणं मोजकं. मावशीच्या वीस वर्षांच्या चपला-बुटांचे तळ त्यांनीच बदलले होते.

"जरा ताणून द्या. भाचीला चावतायत. रविवारी लग्न आहे."

काकांनी बूट उलटा केला, सुलटा केला, आत दोन बोटं घालून चाचपला. मग तिच्याकडे बघितलं. "हे कुणी चालवले?"

"मी. तीन आठवडे. आमचं माप एक आहे."

"माप एक आहे," काका म्हणाले. "पाय एक आहे का?" त्यांनी बोट ठेवून दाखवलं. "हा अंगठ्यापाशी फुगवटा बघ. तुझा. टाच बाहेरच्या अंगाने झिजलीय, ही तुझी चाल. इथे आत घडी पडलीय, जिना चढताना तू चवड्यावर जोर देतेस, त्याची. नवे असते तर मी काही केलं असतं. पण तू त्यात स्वतःचा पाय ओतून ठेवलायस. आता दुसरं कुणी घालेल त्याला हे चावतीलच."

मावशी ओट्यावर बसली. वीस वर्षं चालून चालून चालण्याचा एवढा गर्व, आणि ही साधी गोष्ट डोक्यात आली नाही. पोरीच्या सुखासाठी ती तीन आठवडे रोज राबली आणि रोज तो बूट पोरीपासून थोडा थोडा लांब नेत गेली.

"मग आता?"

"आता पाय आण." काकांनी दुसऱ्या कुणाची तरी चप्पल उचलली. "तिला कुठे दुखतं ते बघितल्याशिवाय मी काय सांगू? तुला माहीत आहे का कुठे दुखतं?"

"घोट्यात," मावशी लगेच म्हणाली. "घोटा मोडला होता ना."

"मोडला कुठे ते नाही विचारलं."

त्या दिवसाचं टपाल मावशीने एकही थाप न मारता वाटलं. मास्तरांनी फाटकातून काहीतरी खोचक टाकलं, तिने नुसतंच पाकीट दिलं. मास्तर घाबरले. "बरं आहे ना सगळं?" म्हणून मागोमाग चार पावलं आले.

डोक्यात दोन वाटा होत्या. पहिली सोपी, हातखंडा. दुकानाने चुकीचं माप दिलं म्हणायचं, दोन शिव्या दुकानाला, धावत जाऊन दुसरा जोड आणायचा. ताई विश्वास ठेवेल. खारू तर ठेवतेच. दुसरी वाट म्हणजे खरं सांगायचं. पहिल्या वाटेत एकच खोट होती. दुसरा जोडही ती अंदाजानेच आणणार होती. रविवारी उतारावर तो चावला, तर?

दुपारच्या सुट्टीत ती चष्म्याच्या दुकानात पोचली. खारू आतल्या अरुंद खोलीत एकटी बसून डबा खात होती. समोर भिंतीवर अक्षरांचा तक्ता, वर मोठी, खाली खाली बारीक होत गेलेली.

"काय गं, डोळे तपासायला आलीस? बस. वरची ओळ वाच."

"खारू, ते बूट तुला चावतात."

खारूचा घास हातातच राहिला. "कोण म्हणालं?"

"तुझा ओठ म्हणाला. आणि चूक माझी आहे. मी ते घालून टपाल वाटलं, तीन आठवडे. मऊ करायला म्हणून. ते माझ्या पायाचे झाले."

खारूने घास डब्यात ठेवला. मग हसायला लागली. एवढी हसली की डब्याचं झाकण खाली पडलं. "नवरीचे बूट घालून टपाल? अगं बाई! लोक काय म्हणाले?"

"सुखी राहा म्हणाले."

पुन्हा हसू. मग ते हळूहळू ओसरलं आणि मावशीला जे बोलायचं होतं ते तिथेच राहिलं. तिने समोरच्या तक्त्याकडे बघितलं. मोठं अक्षरही धूसर दिसायला लागलं होतं.

"तू काल सांगितलं का नाहीस?"

"आई एवढी खूश होती तुझ्यावर. कशाला उगाच? मी पट्टी बांधून घेतली असती."

"पट्टी कुठे बांधणार होतीस?"

प्रश्न तोंडातून गेला आणि मावशीला चमकल्यासारखं झालं. अठरा वर्षांत हे तिने पहिल्यांदा विचारलं होतं. पाय कसा आहे, असं कधी विचारलं नव्हतं, उत्तराची भीती वाटायची. त्यापेक्षा बूट आणणं सोपं. तिने आवाज सारखा केला आणि नीट विचारलं, "कुठे दुखतं गं तुला?"

खारूने डबा बाजूला ठेवला. चप्पल काढली आणि डावा पाय उचलून सरळ मावशीच्या मांडीवर ठेवला. "इथे." करंगळीच्या खाली, पावलाच्या बाहेरच्या कडेला बोट लावलं. तिथे सुपारीएवढी कडक गाठ होती. "घोटा कधीच दुखत नाही. घोटा वळत नाही नीट, म्हणून सगळा भार या कडेवर येतो. इथे काहीही घासलं की मेले."

"आणि मी घोटा धरणारे बूट आणले."

"तू नेहमीच घोटा धरणारे आणतेस. दर वाढदिवसाला. अठरा वाढदिवस, अठरा जोड! अगं, एखाद वर्षी मला पुस्तक हवं होतं. घड्याळ हवं होतं."

"घातलेस तरी का मग?"

"निम्मे नाहीच घातले. कपाटावर आहेत. आई म्हणायची, घालू नकोस, पण टाकूही नकोस."

मावशीने तो पाय दोन्ही हातांत धरला. गार होता, दिवसभर उभं राहून सुजलेला. तिला हसायचं होतं, पण जमलं नाही. "माझ्यामुळे पडलीस तू," ती म्हणाली.

"हो," खारू म्हणाली. "तुझ्यामुळेच पडले. त्यात काय वाद आहे?" तिने पाय काढून घेतला नाही. उलट नीट रेलून बसली. "पण हात लावला होता मी त्या फांदीला. तू मला अजून एक दिवस ताई म्हणालेली नाहीस."

"ताई," मावशी म्हणाली. नाक पुसलं. "ताई, आधी डबा संपवा. संध्याकाळ झाली की दुकान गाठायचं. आता पाय सुजलाय तो सुजलेलाच घेऊन जायचा. सकाळच्या पायाला बूट घेणारे मूर्ख असतात."

"हे आधी माहीत नव्हतं तुला?"

"माहीत होतं. पाय तुझा न्यायचा, एवढंच माहीत नव्हतं."

खारू सहाला सुटली तशा दोघी दुकानात गेल्या. मावशीला बघून सेल्समनने देवाचं नाव घेतलं. यावेळी मावशी गप्प बसली. अवघड होतं, पण बसली. खारूच पायात घालायची, खारूच सांगायची. हा कडेला लागतो. हा बरा आहे, पण तळ गुळगुळीत आहे. सात जोड झाले. आठवा जोड बघून मावशीच्या तोंडावर "असला कसला नवरीचा बूट" असं आलं होतं. ते तिने गिळलं. फिकट मातकट रंगाची सँडल, पुढून पसरट, करंगळीची बाजू मोकळी, वर दोन रुंद पट्टे, बोटभर उंचीचा रुंद तळ, खालून खरबरीत. नटवी अजिबात नव्हती.

"ही चालून बघते," खारू म्हणाली. "पण इथे नाही. फरशीवर सगळंच बरं वाटतं."

दुकानासमोर चौकात गोल बगीचा होता. मधे उंचवटा, त्यावर गवत. सेल्समन "मॅडम, मॅडम" करत राहिला. मावशीने त्याच्या हातात आपली टपालाची पिशवी दिली. "सरकारी माल आहे, हलू नकोस," असं म्हणून त्याला दारात उभं केलं आणि दोघी रस्ता ओलांडून गेल्या. रिक्षा वळत होत्या, लोक वळून बघत होते. खारू उंचवट्यावर चढली, उतरली. पुन्हा चढली. डावं पाऊल जपून पडत होतं, नेहमीसारखंच. चौथ्या वेळी ती मधेच थांबली आणि मावशीने तिचा ओठ बघितला. ओठ जागेवर होता.

"हीच," खारू म्हणाली.

ताईला सांगायचं काम उरलं होतं. ते मावशीने घरात शिरल्या शिरल्या, चप्पलही न काढता उरकलं. सगळं सांगितलं, टपाल, तीन आठवडे, चांभारकाका, गाठ. ताई कपड्यांना इस्त्री करत होती. तिने इस्त्री उभी करून ठेवली.

"म्हणजे ते मोतिया वाया गेले."

"वाया कुठे? उद्यापासून पत्रं वाटतील."

"आणि मी काल तुला शहाणी म्हटलं."

"ते परत घे, ताई. मी काही म्हणणार नाही."

ताईने कपड्याची बाही सरळ केली. "राहू दे," ती म्हणाली. "या वेळी तू मला आधी सांगितलंस." आणि पुन्हा इस्त्री उचलली. मावशी तिथेच उभी राहिली, तर म्हणाली, "अशी खांबासारखी काय उभी आहेस? ती बाही धर."

रविवारी ऊन चांगलं होतं, वारा बेताचा. खारू वरून निघाली तेव्हा मावशी खुर्च्यांच्या कडेला, उताराच्या अगदी पायथ्याशी उभी होती. सगळे नवरीचं तोंड बघत होते, ही एकटी पाय बघत होती. खडी झाली. गवत आलं. डावा पाय जपून, उजवा मोकळा, डावा जपून. कुणी शेजारी कुजबुजलं, "जरा लंगडतेय का?" मावशीने मान वळवून बघितलं फक्त. कुजबुज बंद झाली. खारू मातीवर आली, नवऱ्याने हात पुढे केला, तिने तो धरला, आणि मावशीने पहिल्यांदा वर, नवरीच्या तोंडाकडे बघितलं.

मग लग्न लागलं, जेवणं झाली, फोटो झाले, पुन्हा फोटो झाले. उन्हं कलल्यावर खारू एका झाडाखाली उभी होती, चारी बाजूंनी माणसं. मावशी वाट काढत तिच्यापर्यंत गेली.

"कुठे दुखतं?"

खारू नाही म्हणणार होती. मावशीने ते तिच्या चेहऱ्यावर येताना बघितलं आणि येता येता थांबलेलंही बघितलं.

"करंगळीपाशी," खारू हळूच म्हणाली. "थोडं. पाय सुजलाय."

मावशी खाली बसली. गुडघे टेकून, चांगल्या कपड्यांनिशी, गवतात. मागून फोटोवाला ओरडला, "ओ मावशी, बाजूला व्हा, फोटोत येताय!"

"येऊ दे," वरून खारू म्हणाली आणि तोल सांभाळायला तिच्या खांद्यावर हात ठेवला.

मावशीने बक्कल उघडलं, पट्टा एक भोक सैल केला आणि बोट आत घालून नीट बघितलं, कुठे घासत तर नाही ना.